सासऱ्यांची धून

माझा भाऊ प्रज्ञेश मुंबईत असतो आणि दुपारच्या मालिकांना पार्श्वसंगीत देतो. म्हणजे सून रडायला लागली की मागे जे वाजतं ना, ते त्याचं. उभं आयुष्य त्यात गेलं, पण आमच्या सुदुंबऱ्यात विचाराल तर अजून 'टीव्हीत कायतरी करतोय' एवढंच सांगतील. नाव येतं ते अगदी शेवटी, आणि तोवर बायका भांडी घासायला उठलेल्या असतात.

आबांनी, म्हणजे आमच्या वडिलांनी, तर त्याच्या कामाला संगीत मानलंच नाही. ते देहूरोडच्या डेपोत नोकरीला आणि भीमजयंतीच्या गायनपार्टीत पेटीवर. "गाण्याला शब्द पायजेत," म्हणायचे. "तुजं नुस्तं ट्यांव ट्यांव. ध्यानात कोन ठेवनार?" प्रज्ञेश हसून सोडून द्यायचा. पण मला ठाऊक होतं, त्याचा जीव त्या एका शाबासकीत अडकलेला. तिकडे कितीही वाहवा झाली तरी फोनवर पहिला प्रश्न तोच, "हिराताई, आबा काही म्हणाले का गं?" मी चिडायचे. काय सांगू, कप्पाळ?

त्याच्या कामाची रीत त्यानेच मला सांगितली होती. मालिका सुरू व्हायच्या आधीच प्रत्येक पात्राची धून बांधून ठेवायची. पुढे ते माणूस दारात आलं की ती लावायची. मागच्या मालिकेत एक सासरे होते. त्यांची धून पहिल्यांदा कानावर आली आणि माझी पोळी तव्यावर करपली. ट्रिंग ट्रिंग, जरा थांबून, ट्रिंग. अहो, ती आबांच्या सायकलची घंटी होती. डेपोतून सुटले की घोरावाडीला लोकलमधून उतरून ते सायकलवर घरी यायचे. गल्लीच्या तोंडाशी घंटी वाजायला लागली की आम्ही दोघं पसारा आवरायला धावायचो, आणि ती शेवटची ट्रिंग झाली की आई चहाचं आधण ठेवायची. काय दिवस होते ते. आता आईही नाही, आणि सायकल कधीच भंगारात गेली.

आबांना मी काही बोलले नाही. तोवर ते माझ्याकडे लोणावळ्याला राहायला आले होते. काचबिंदूने नजर गेलेली. करमत नाही म्हणून टीव्हीसमोर बसायचे आणि धुनेवरून कोण आलं ते मलाच सांगायचे. "आली बघ ती चोंबडी ननंद." सासऱ्यांच्या धुनेला मात्र गप्प. ओळखली की नाही, कळायला मार्ग नव्हता.

मालिका संपायची त्या दुपारी प्रज्ञेश मुद्दाम आला. आबांच्या शेजारी अंग चोरून बसला. शेवटच्या भागात सासरे वारले आणि त्यांची धून लागली. ट्रिंग ट्रिंग. आणि मग काहीच नाही. शेवटची घंटी त्याने ठेवलीच नव्हती. मला तर रडूच फुटलं. आबा मान वाकडी करून वाट बघत राहिले. मग चाचपडत त्यांनी प्रज्ञेशचा हात धरला आणि त्याच्या तळव्यावर एकदा बोट आपटलं.

"एक ऱ्हायली की रं," ते म्हणाले. "ती ऐकल्याबिगर तुजी आई चहा ठेवायची न्हाई."