भावाचा जामीनदार

इस्लामपुरात आमच्या शेजारी एक वेल्डर राहतात. कुणी बोलायला आलं की हातातलं काम खाली ठेवतात आणि पुरतं ऐकून घेतात. मी त्यांच्यासारखा कधीच ऐकत नाही. म्हणूनच की काय, मारामारीच्या खटल्यात अडकलेल्या माझ्या धाकट्या भावानं जामीन राहायला निरोप धाडला तो त्यांना. सख्खा भाऊ मी, आणि कोर्टात सही त्यांची.

पुढं तो तारखेला गेलाच नाही, फरार झाला. जामिनाची रक्कम तुमच्याकडून का वसूल करू नये, अशी नोटीस त्यांना आली. मी निम्मे पैसे घेऊन गेलो.

"आवं, ऱ्हाऊ द्या," ते म्हणाले. "जामीन मी हाय. त्यानं शब्द मला दिलाय."

"मी भाऊ आहे त्याचा."

"व्हय की. पर येईल तो."

आणि खरंच भाऊ आला, तो थेट त्यांच्या दारात. त्यांनी त्याला एका शब्दानं विचारलं नाही. आधी जेवू घातलं, मग गाडीवर मागं बसवून कोर्टात हजर करायला नेलं. आमच्या घरावरून जाताना भावानं त्यांचा खांदा घट्ट धरला होता. मी दारातच उभा होतो. त्यानं माझ्याकडं पाहिलंही नाही.