कात्री न पोचलेली बाजू

दुकानाच्या पाटीवर त्यांचं खरं नाव होतं, पण ते वाचायचं कोण? सगळा रस्ता त्यांना गोलमास्तर म्हणायचा. त्यांच्या खुर्चीत बसलेलं कुठलंही डोकं उठताना गोल होऊनच उठायचं. चेहरा लांबट असो की चौकोनी, गिऱ्हाईक सांगून सांगून दमायचं की मागून बारीक करा, वर राहू द्या. मास्तर "हो हो, तुम्ही निवांत बसा" म्हणायचे आणि करायचं तेच करायचे. एक केस जरी रेषेच्या बाहेर दिसला तरी या माणसाला जेवण गोड लागायचं नाही, असं त्यांची बायको सांगायची, आणि ती काही तिखटमीठ लावून सांगणारी बाई नव्हती. उलट एका वाक्यात विषय संपवण्यात तिचा हातखंडा.

मग मास्तरांचा उजवा हात थरथरायला लागला. फार नाही, चहाचा कप बशीवर जरासा वाजेल इतकाच. पण एका गिऱ्हाइकाच्या कानाला कात्री लागली, रक्ताचा थेंब आला, आणि मुलगा म्हणाला, "बाबा, तुम्ही आता नुसतं बसा. आल्यागेल्याशी बोला. खुर्ची मी बघतो."

मास्तर बसले. गिऱ्हाईक आत यायचं, त्यांना नमस्कार करायचं आणि हळूच मुलाच्या खुर्चीकडे सरकायचं. हे त्यांनी काही दिवस सोसलं. एका दुपारी त्यांनी आपल्या कात्र्या फडक्यात गुंडाळल्या आणि घरी आले ते आलेच.

घरामागे छोटी बाग होती. एक लिंबू, एक अंजीर आणि पाण्याच्या टाकीला लागून डाळिंब. डाळिंब बायकोचं. घर बांधलं तेव्हा तिनं रोप आणून लावलेलं, तिनंच पाणी घालून वाढवलेलं, आणि दरवर्षी टोपलीभर फळं तीच मोजक्या माणसांना वाटायची, तीही माणूस पारखून. मास्तरांना दुकानाच्या दिवसांत बागेत ढुंकून बघायलाही सवड नव्हती. आता सवडच सवड. दुकानात रविवारी गर्दी उसळायची, त्यामुळे रविवार उजाडला की त्यांचा हात शिवशिवायचा. पहिल्याच रविवारी त्यांनी डाळिंबाभोवती एक चक्कर मारली, डोळे बारीक केले आणि म्हणाले, "केवढं वाढलंय हे. कुणी बघितलंच नाही याच्याकडे."

झालं. तेव्हापासून डाळिंबाची दर रविवारी हजामत. वरून, बाजूनं, खालून, जिथं शेंडा बाहेर दिसला तिथं कात्री. काटे हाताला ओरबाडायचे, पण मास्तर खुशीत असायचे. झाडाला कान नव्हते, रक्त नव्हतं, आणि हात थरथरला तरी ते दुसऱ्या खुर्चीवर जाऊन बसणार नव्हतं. काही महिन्यांत डाळिंब असं गोल गरगरीत झालं की मागच्या गल्लीतून जाणारे थांबून बघायचे. मास्तर पायरीवर बसून ते कौतुक ऐकायचे, आणि दुकान सोडल्यापासून पहिल्यांदाच त्यांना रात्री बरी झोप लागायला लागली.

फक्त झाडाला डाळिंबं येईनात.

पहिल्या वर्षी मास्तर म्हणाले पाखरांनी फुलं खाल्ली. दुसऱ्या वर्षी म्हणाले मातीत दम नाही, आणि खताची गोणी आणून ओतली. झाड आणखी दाट झालं, इतकं की आत हात घातला तर कोपरापासून पुढं दिसेना. बायको एक दिवस कमरेवर हात ठेवून त्याच्यासमोर उभी राहिली.

"अहो, तुम्ही सारखं कापता म्हणून तर नसेल?"

"अगं, कापल्यानं वाढ जोमानं होते. केसांचं काय होतं? कापले की दाट येतात."

"आणि केसांना फळं लागतात का?"

मास्तरांनी कात्री पुसायला घेतली.

तर अशात एका संध्याकाळी शेजारचे चष्मेवाले आले. त्यांचं कोपऱ्यावर चष्म्याचं दुकान, आणि त्यांची-मास्तरांची भिंत सामाईक. हातात झाकलेलं भांडं. वहिनींच्या पुढ्यात ठेवून म्हणाले, "तुमचंच आहे, तुम्हालाच परत. आम्ही दोघं माणसं, खाऊन खाऊन किती खाणार?"

बायकोनं झाकण काढलं. आत डाळिंबाचे दाणे. लालभडक, टपोरे, काठोकाठ.

"आमचं कुठलं?" मास्तर म्हणाले. "आमच्या झाडाला फळ नाही दोन वर्षं."

"अहो गोलमास्तर, आमच्या बाजूला येऊन बघा. भिंतीवरून फांद्या खाली आल्यात, फळांच्या ओझ्यानं वाकल्यात नुसत्या. मला वाटलं तुम्ही शेजारधर्म म्हणून मुद्दाम तिकडं सोडताय."

तिघं गल्लीतून वळसा घालून पलीकडे गेले. मास्तरांचं झाड या बाजूनं ओळखूच येत नव्हतं. पाण्याच्या टाकीमागे, जिथं माणूस शिरू शकत नव्हता आणि कात्री पोचत नव्हती, तिथल्या फांद्या वेड्यावाकड्या भिंतीवरून उतरल्या होत्या. आणि जवळजवळ प्रत्येक शेंड्याला डाळिंब.

बायकोनं एकेक फांदी हातानं उचलून बघितली. मग चष्मेवाल्यांनाच म्हणाली, "यांना एक चष्मा द्या हो बनवून."

चष्मेवाले हसले. "नंबर काय टाकू वहिनी?" मग मास्तरांकडे वळून म्हणाले, "रागावू नका, पण एवढी बाजू राहू द्या. तिला हात नका लावू."

हात नका लावू. दुकानात लोकांनी तोंडानं कधी म्हटलं नव्हतं, नुसते सरकले होते. हे शब्द मास्तरांना घरी येईपर्यंत टोचत राहिले.

घरी बायकोनं कात्र्या फडक्यात बांधल्या. "या मी उद्या दुकानात पाठवते. पोराला उपयोगी पडतील. माझं झाड मला परत हवंय."

मास्तर पायरीवर बसले होते. भांडले नाहीत. नुसतं म्हणाले, "पाठव. पण मग मी दिवसभर करू काय, तेवढं सांग."

यावर तिचं ते एक वाक्य काही सुचेना. तिला वाटलं होतं हे झाडाचं भांडण आहे, आणि ते झाडाचं नव्हतंच. ती फडकं तसंच घेऊन आत गेली, कपाटात ठेवलं, बाहेर आली आणि म्हणाली, "नाही पाठवत. पण आता पानं गळेपर्यंत हात लावायचा नाही. पानं गळाली की एकदाच कापायचं, मी सांगेन तसं. सारखं केलंत की फळ येत नाही हे तुम्ही डोळ्यांनी बघितलंय."

मग जे काही महिने गेले ते मास्तरांनी कसे काढले ते त्यांनाच ठाऊक. झाडानं चहूबाजूंनी डोकं बाहेर काढलं, इकडं एक काडी, तिकडं दोन. गल्लीतले लोक विचारायचे, "मास्तर, तब्येत बरी नाही का?" ते हात मांडीखाली दाबून बसायचे. एका सकाळी त्या बाहेर आलेल्या काड्यांच्या टोकांना लाल कळ्या दिसल्या, आणि मास्तर उठून अगदी जवळ गेले. या कळ्या त्यांनी याआधीही बघितल्या होत्या, केरसुणीपुढे. कापलेल्या शेंड्यांबरोबर दर रविवारी त्यांनी त्या स्वतः झाडून काढल्या होत्या, बारीक काहीतरी लाल म्हणून. बायकोला त्यांनी बोलावलं आणि नुसतं बोट दाखवलं. तिनंही सुनावलं नाही, जे तिच्यासाठी सोपं नव्हतं.

त्या वर्षी थोडीच फळं आली, पण आली. मग थंडी पडली, पानं गळली आणि झाडाचा सांगाडा उघडा पडला. आत नुसता गुंता, एकमेकींवर घासणाऱ्या फांद्या, बुडातून निघालेले फुटव्यांचे झुपके. बायकोनं घरातली खुर्ची बाहेर आणून मांडली, फडकं सोडून कात्र्या पायरीवर ठेवल्या, आणि करवत मास्तरांच्या हातात दिली. स्वतः फांद्या दाखवायला उलथणं घेऊन खुर्चीत बसली.

"ती आडवी. मधली. ती पूर्ण काढा, बुडापासून."

"पूर्ण? भगदाड पडेल तिथं."

"पडू दे. ऊन जाईल आत."

मास्तरांनी करवत लावली. हात थरथरत होता, पण करवतीला त्याचं काय, तिचं कामच मागंपुढं होण्याचं. फांदी खाली आली. मग दुसरी, मग बुडाचे फुटवे. दोनदा भांडण झालं, एकदा मास्तरांचं ऐकलं गेलं, कारण ती फांदी खरोखरच कुजलेली होती आणि तिला खुर्चीतून दिसत नव्हती. भिंतीवरून चष्मेवाल्यांनी डोकावून बघितलं आणि म्हणाले, "एका बाजूला कललंय की हो हे."

"कललंय," मास्तर म्हणाले, आणि पुढची फांदी धरली.

शेवटी डाव्या अंगाला एक लांब काडी उरली. सगळ्यांपेक्षा हातभर पुढं आलेली, डोळ्यांत खुपणारी. मास्तर तिच्यासमोर उभे राहिले आणि बायकोकडे बघितलं. ती उलथणं हलवणार, असं त्यांना वाटलं. ती म्हणाली, "तुमचं तुम्ही बघा आता. मी चहा टाकते."

ती आत गेली. कात्र्या पायरीवर तशाच होत्या, हाताला येतील अशा. आतून भांड्यांचा आवाज आला. मास्तरांनी ती काडी टोकापासून बुडापर्यंत बोटांनी चाचपली. कोवळी होती, निरोगी, कशाला घासत नव्हती. त्यांनी ती तशीच राहू दिली, करवत उचलली आणि अंजिराच्या बुडाशी जाऊन बसले, आधी नुसतं बघायला.