मकबऱ्यातलं चुन्याचं फूल

आज वाशीमच्या दर्ग्याच्या डागडुजीसाठी माझा मित्र रफीक मिस्त्री वडिलांनी शिकवल्याप्रमाणे चुन्यात गूळ आणि बेलाचा गर कालवत होता. त्या वासानं मला हैदराबादचा मकबरा आठवला. तरुणपणी आम्ही दोघं तिथं गेलो होतो, तेव्हा जुन्या कारागिरांनी चुन्यात काय घातलं असेल ते कळावं म्हणून रफीकनं भिंतीला बोट लावून चव पाहिली होती. मी मात्र भिंतीवरच्या नक्षीतलं चुन्याचं एक फूल खुडून खिशात टाकलं. पहारेकऱ्यानं तुटलेली नक्षी आणि रफीकचं पांढरं बोट पाहून त्यालाच चोर म्हटलं, आणि मी गप्प राहिलो.

दुपारी घरून ते फूल आणून मी त्याच्या हातावर ठेवलं, सगळं सांगितलं. त्यानं फूल हुंगलं, जिभेला लावलं.

"चोर म्हन्लं, त्याचं जाऊ दे बे," तो म्हणाला. "पन हे तवाच काहून नाई दाखोलं? अब्बा तवा हयात होते. याच्यात काय घातलं, त्यायनं सांगतलं असतं."