मागचं चाक

नव्या गाडीच्या चाकांखाली ठेवलेली लिंबं चिरडून आम्ही गावाकडे निघालो, तेव्हा मी वळून पाहिलं. पुढच्या आणि मागच्या लिंबाच्या डागांत केवढं अंतर होतं!

"ह्या लांबीसाठीच तर घेतली," नवरा म्हणाला. सासूबाईंच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालंय. जुन्या छोट्या गाडीत त्यांना पाय पसरता येत नसत. आता त्या मागच्या सीटवर माझ्या शेजारी ऐसपैस बसल्या होत्या. "खड्डे कळतसुद्धा नाहीत गं," म्हणत होत्या.

घाट उतरताना पहिलं मोठं डावं वळण आलं. नवऱ्याने जुन्याच सवयीने स्टिअरिंग फिरवलं. पुढचं चाक सुरेख वळलं. मागचं मात्र त्याच्या वाटेने आलंच नाही. ते आतून, अगदी कडेच्या खडीवरून गेलं. माझ्या खिडकीखालून खडे सुटले आणि खालच्या रस्त्यावर जाऊन पडले. मला डांबर दिसतच नव्हतं, नुसती पोकळी.

नवरा शीळ घालत होता. त्याचं वळण केव्हाच पार पडलं होतं. चालवणाऱ्याला वाटतं, आपण गेलो त्याच वाटेने मागचेही येतात. घरातले किती निर्णय असेच पुढच्या सीटवर होतात, आणि कडेच्या खडीवरून जातात ते मागे बसलेले.

"अहो, वळण जरा मोठं घ्या," मी कशीबशी म्हणाले.

"घाबरतेस काय? गेलो की!"

पुढचं वळण दिसू लागलं. मी सासूबाईंचे पाय हळूच जवळ ओढून घेतले.

"का गं? जागा आहे की," त्या म्हणाल्या.

मला वाटलं होतं, तेवढीच गाडी आखूड होईल.