शनिवारपर्यंत थांबवलेला माणूस

ती केस माझ्या मनातून जात नाही, कारण त्या मुलीला चुकीच्या दारात मीच पाठवलं होतं.

नव्वदच्या दशकात बंगळुरात घरोघर केबल आली होती. एका वाहिनीवर दर शनिवारी हरवलेल्या माणसांचा कार्यक्रम लागे. पांढऱ्या कपड्यांतला सूत्रसंचालक हरवलेल्याला घरच्यांच्या हवाली करायचा. वाहिनी त्याला 'देवमाणूस' म्हणून खपवत होती, आणि आम्ही पोलीसही भुललो होतो.

शिवाजीनगरातल्या एका मराठी शिंप्याची मुलगी सोमवारी ठाण्यात आली. वडिलांना विसरभोळेपणाचा आजार, त्यात मधुमेह आणि पायाला जखम, सकाळपासून बेपत्ता. मी मिसिंगची तक्रार नोंदवली आणि वर शहाणपणा केला, "अक्का, टीव्हीवाल्यांनाही फोटो द्या."

शनिवारी वडील पडद्यावर 'आत्ताच' सापडले. गोळ्यांवाचून पायाची जखम सडली होती. पंधरवड्यात म्हातारा गेला.

मग ठाण्यात फोन आला. जे. पी. नगरात वाहिनीचा बंगला होता, तिथली स्वयंपाकीण बोलत होती. "सार, त्या म्हाताऱ्या अज्जांना टीव्हीवाल्यांनी मंगळवारीच आणलं होतं. कोंडून ठेवलं होतं."

झडतीच्या वेळी सूत्रसंचालक म्हणाला, तिथे कुणी राहिलंच नव्हतं. पलंगावरच्या चादरीची फाटकी कड मात्र बारीक टाक्यांनी शिवलेली होती. पंचनामा करून मी ती मुलीला दाखवली.

"अण्णा, स्वल्प, जरा उजेडात धरा," ती म्हणाली. "अप्पांचाच हात. मला विसरले, पण कॉलरमध्ये खोचलेली सुई नाही विसरले."

चौकशीत चादर समोर ठेवताच सूत्रसंचालक सरळ बोलू लागला. "शूटिंग शनिवारीच असतं, साहेब. मंगळवारी घरी सोडलं असतं तर कुणी पाहिलं असतं? जेवण दिलं, पलंग दिला."

"आणि पाय?"

"पाय कॅमेऱ्यात येत नव्हते."

मला त्याचा संताप आला. पण पोलिसांसमोरची कबुली कोर्टात चालत नाही, आणि स्वयंपाकीण ऐन साक्षीच्या वेळी फिरली. टाके ओळखणारी फक्त मुलगीच उरली. बचावाच्या वकिलाने कार्यक्रमाची टेप लावली. तिच्यात मुलगी सूत्रसंचालकाच्या पायांवर डोकं ठेवून रडत होती. "डांबून ठेवणाऱ्याच्या पाया कोण पडतं?" वकिलाने विचारलं. आरोपी सुटला.

बाहेर मुलगी मला म्हणाली, "अण्णा, मी मनापासून पाया पडले होते हो."

असा देवमाणूस बघणाऱ्यांच्या खऱ्या रडण्यावर उभा राहतो, हे मला तेव्हा कळलं. त्या शनिवारी ठाण्यातल्या टीव्हीसमोर मीही डोळे पुसले होते.