मागच्या भिंतीचा वाटा
पुढची भिंत परत ढासळली, म्हणून गवंडी सकाळपासून पिंपात विटा भिजवतोय. कोरडी वीट पाणी पिताना सुरसुरते आणि भाजक्या मातीचा वास सुटतो. त्या वासानं म्हातारपणीही मी ओट्यावरून उठून आत जातो.

पन्नास-पंचावन्न सालची गोष्ट असेल. चाकणजवळच्या याच घराची आम्हा दोघा भावांत वाटणी होती. थोरल्यानं वाटे पाडायचे आणि धाकट्यानं आधी उचलायचं, ही आमच्याकडची रीत. थोरला मी. बाहेरून सगळं घर विटांचं दिसायचं, पण रस्त्याकडच्या भिंतीला वडिलांनी विटांचा एकच पदर दिला होता, आत नुसती माती. मागच्या भिंती मात्र दीड हात जाड, पक्क्या विटांच्या. हे फक्त मला माहीत होतं. म्हणून मी ऐसपैस ओटा पुढच्या वाट्यात घातला. धाकटा सदा त्याला भुलणार, याची मला खात्री होती.

सदा म्हणाला, "मागलं माझं."

माझं टाळकंच सरकलं. "लबाडा, तुला कुणी सांगितलं?" असं ओरडत मी पायाशी पडलेली वीट उचलून पंचांदेखत त्याच्या डोक्यात घातली. तो खाली बसला, तरी पुन्हा घातली. वीट दुभंगली. तुकड्यांवर सांडलेलं रक्त त्यांनी पाण्यासारखं पिऊन टाकलं.

आई किंचाळत होती. सदानं डोळ्यांवरचं रक्त बाहीनं पुसलं.

"काय सांगायचं, दादा? तुला वट्यावर बसाया आवडतं, म्हणून मी मागलं घेतलं."