देवापुढची थाळी कुत्र्यापुढे

मंडळी, आज इंग्लंडहून पार्सल आलं. जुनी पितळी थाळी, बावीस युरो, टपालखर्च नऊ. इथे नेदरलँड्समधल्या न्यूनेन गावात नैवेद्यासाठी असलं ताट मिळत नाही, म्हणून ऑनलाइन मागवली.

चिंच लावून घासली, तर कडेला इंग्रजी अक्षरं उमटली. मॅट्रिकच्या इंग्रजीवर एवढाच अर्थ लागला, की देवाला अर्पण केलेली आहे, आणि खाली एका खेड्यातल्या चर्चचं नाव. लेकीने फोनवर शोधलं. "आई, खूप जुनं चर्च आहे. अजून संडेला प्रेअर होते. अशा थाळीत लोक दान टाकतात."

विकणाऱ्याला विचारलं, ही तुमच्याकडे आली कशी? त्याचं उत्तर, "चर्चची भांडी छान खपतात. काहीजण कुत्र्याला पाणी ठेवायला नेतात."

वाचून शिसारी आली. आमचे हे म्हणतात, "अगं, देव त्यांचा. तुला स्वस्तात ताट मिळालं ना?"

मी म्हटलं, "आपल्या ग्रामदैवताची समई अशी विकायला दिसली असती, तर भाव केला असतात?"

हे चहा घेऊन बाल्कनीत गेले.

त्या थाळीत मी नैवेद्य वाढणार नाही. चर्चला परत पाठवणार, खर्च माझा. पण तिथल्याच कोणी विकली असेल, तर ती पुन्हा बाजारात जाईल. इंग्लंडातल्यांपैकी कोणी एका रविवारी त्या खेड्यात जाऊन, ती कोणाच्या हाती द्यावी हे बघेल का? गावाचं नाव खासगीत सांगते. कृपया उलटटपाली कळवा.